उशिराचे खरे कारण

वकील वासंतीबाईंची आणि माझी पहिली भेट मी लिहिलेल्या एका खोट्या परिच्छेदामुळे झाली. त्यांच्या पंचाहत्तरीच्या गौरवग्रंथात असा आरंभ शोभतो की नाही, हे संपादकांनी ठरवावे; दुसरा कोणताही आरंभ प्रामाणिक ठरला नसता.

मी तेव्हा डहाणूला एका सार्वजनिक मंडळाच्या कार्यालयात अधीक्षक होतो आणि वाणगावच्या वासंतीबाई मंडळाच्या वकील होत्या. मंडळाच्या ट्रकखाली सापडून उधवा गावचा एक मजूर दगावला होता. त्याच्या पत्नीस, जानकीबाईंना, भरपाई द्यावी, असा निवाडा अपघात न्यायाधिकरणाने दिला. अपिलाची मुदत टळून बरेच महिने लोटल्यावर वरून आदेश आला : अपील करा. जिंकण्याची आशा कोणालाच नव्हती. 'अपील का केले नाही?' असा ठपका पुढे येऊ नये, एवढाच हेतू होता. विलंब माफ व्हावा म्हणून शपथपत्राचा मसुदा मी केला. कर्मचारी निवडणुकीच्या कामात होते, कार्यालयाचे स्थलांतर चालू होते, अशी कारणे मी मोठ्या कौशल्याने गुंफली.

वासंतीबाईंनी तो मसुदा कार्यालयात येऊन दोनदा वाचला.

"भाषा कोणाची?"

"माझीच," मी अभिमानाने म्हणालो.

"निर्दोष आहे. स्थलांतर कुठून कुठे झालं?"

स्थलांतर झालेच नव्हते. मी मसुदा परत घ्यायला हात पुढे केला.

"अपील करण्याजोगं काही नाही, असा अभिप्राय मी मुदतीत पाठवला होता. तो कुठे होता?"

तो माझ्या कपाटात होता. न वाचताच मी तो फाइलीत बांधून ठेवला होता.

पैसे कधी मिळणार, हे विचारायला आलेल्या जानकीबाई दाराजवळच्या बाकावर बसल्या होत्या. त्यांनी सारे ऐकले.

"सायेब, पोराला ताप होता तरी मी तारखेला आली. नाय आली तर केस जाईल, असं सांगलं होतं. आन् तुमचा उशीर झाला तर कागद लिवून माफी?"

वासंतीबाईंनी उठून त्यांना स्वतःची खुर्ची दिली. "जानकीबाई, मी मंडळाची वकील आहे. तुम्हांला सल्ला देणं मला शोभणार नाही. तो तुमच्या वकिलांकडून घ्या. पण बसा." मग माझ्याकडे वळून त्या म्हणाल्या, "शपथ तुम्ही घेणार आहात. ठरवा."

मी मसुदा फाडला आणि नवा लिहिला : अभिप्राय अधीक्षकांच्या कपाटात पडून राहिला, अन्य कारण नाही.

आमचे साहेब भडकले. "हा माफीचा अर्ज आहे की गळ्यात बांधायचा धोंडा?"

"खोटं उघडं पडलं तर धोंडा मंडळाच्या गळ्यात पडेल, साहेब," वासंतीबाई शांतपणे म्हणाल्या.

उच्च न्यायालयाने विलंब माफ केला नाही. जानकीबाईंना भरपाई मिळाली, मला लेखी ताकीद मिळाली आणि वासंतीबाईंकडे मंडळाची नवी प्रकरणे येईनाशी झाली. त्याविषयी त्यांनी कधी चकार शब्द काढला नाही. उलट, ताकिदीचा खुलासा लिहिताना मी अडखळतो आहे, हे कळताच त्या आपण होऊन मसोलीला माझ्या घरी आल्या. माझ्या समर्थनाची सबंध दोन पाने त्यांनी खोडली. "चूक कबूल करताना लांबण लावू नये, अधीक्षक." फीविषयी विचारले, तेव्हा त्यांनी माझ्या पत्नीकडे आणखी अर्धा कप चहा मागितला.

डहाणूतील तरुण वकिलांना त्या आजही बजावतात, "विलंबाचं कारण लिहिण्याआधी, त्या विलंबात कोण ताटकळलं, ते पाहून या."

हा लेख लिहिण्यापूर्वी मी जानकीबाईंना भेटलो. त्यांनी विचारले, "बाई तर समोरच्या वकील ना? मग माझ्या बाजूनं कशा बोलल्या?"

"त्या मंडळाच्याच बाजूने बोलल्या," मी म्हणालो. "मंडळाची बाजू कोणती, हे आम्हांलाच ठाऊक नव्हते."

वासंतीबाईंना निरामय दीर्घायुष्य लाभो. आणि त्यांची नजर अशीच तीक्ष्ण राहो, की त्यांच्यापुढे कागद ठेवताना लिहिणाऱ्याचा हात आणखी पुष्कळ वर्षे क्षणभर थबकावा.