माडामागे दोन नारळ

केरू आमच्या वाडीतल्या माडांवर चढतो त्याला पस्तीस वर्षं झाली. त्याच्याआधी त्याचा बाप चढायचा. पायात दोरीचा फास, कमरेला कोयती आणि तोंडाने अखंड बडबड. वर पोचला की मात्र गप्प. साठीला टेकलेला हा माणूस अजून सरसर वर जातो. मुरुडात माडावर चढणारे आता दोघेच उरलेत. त्यातल्या दुसऱ्याचा गुडघा गेलाय, म्हणजे खरं तर एकच.

त्याची मजुरी ठरलेली होती: माडामागे दोन नारळ. ते त्याने ढिगातून स्वतः निवडायचे आणि मालकाने तेवढा वेळ तोंड फिरवून उभं राहायचं, हा रिवाज. संध्याकाळी पोतं खांद्यावर टाकून तो बाजारात जायचा. दुकानदार थोडे नारळ ठेवून घ्यायचा आणि साखर, चहा, साबण द्यायचा. उरलेले त्याची बायको मालन घरात ठेवायची. त्यांच्याकडे एक वेळ पैसा नसेल, पण नारळ नाही असं कधी झालं नाही.

मला हे बघवत नव्हतं. मी, भास्कर, बँकेतून निवृत्त झालेला. छत्तीस वर्षं लोकांना पैशाचं शहाणपण शिकवलं, आणि माझ्याच दारात नारळाने मजुरी! चार वर्षांपूर्वी मी केरूला पडवीत बसवलं आणि व्याख्यानच दिलं. एके काळी कवड्या चालत, मग नाणी आली, मग नोटा आल्या, आता पैसा फोनवरून जातो. नारळ फुटतो, कुजतो, वाहून न्यावा लागतो. रुपया जिथल्या तिथे राहतो.

"मंग कवड्या कशापायी बंद पडल्या?" त्याने विचारलं.

"फार झाल्या. किंमत राहिली नाही."

"आनि रुपये फार झाले तर?"

मी हसलो. अडाण्याच्या प्रश्नाला शिकलेला माणूस हसतो, तसं. ते हसू आठवलं की आज मला माझीच चीड येते.

तेव्हा नारळ वीस रुपयांना होता. मी दर बांधला: माडामागे चाळीस, थेट फोनवर. त्याच्या मुलाने, रितेशने, मुंबईहून जुना फोन पाठवला आणि मी खातं जोडून दिलं. "अहो, त्याचं बरं चाललंय, तुम्ही कशाला मध्ये पडता?" असं माझी बायको नीरजा म्हणाली होती. मी तिला गप्प केलं. केरूने मान डोलावली. "तुमी बँकेतले. तुमी सांगाल ता बरोबरच असंल."

मग नारळ महागला. पंचवीस, तीस, आणि बघता बघता पंचेचाळीस. केरू यायचा, पंचवीस माड करायचा आणि हजार रुपये घेऊन जायचा. जुन्या रिवाजाने पन्नास नारळ मिळाले असते, म्हणजे सव्वादोन हजार. एकदा शब्द दिला की दर वाढवून मागणं त्याच्या स्वभावात नाही. त्याने विचारलं नाही, मी सांगितलं नाही. ठरलं ते ठरलं, असं मी स्वतःला बजावत राहिलो आणि तेच नारळ पर्यटकांना विकत राहिलो. लबाडी होती ती, तिला दुसरं नाव नाही.

यंदा गणपतीच्या आदल्या आठवड्यात उघडीप पडली आणि केरूने सगळे नारळ उतरवले. हातपाय धुऊन तो ढिगाशी आला. एकेक नारळ कानाशी हलवून त्याने चार बाजूला काढले. मी सवयीने तोंड फिरवलं. नेतोय तर नेऊ दे, तेवढाच आपला भार हलका, असंही मनात आलं.

पण तो पडवीच्या खांबाशी गेला. तिथे पर्यटकांसाठी मी पैसे भरायचा कोड चिकटवलाय. त्याने फोन धरला, ओठ हलवत सावकाश आकडे दाबले, आणि माझ्या खिशातला फोन वाजला. एकशे ऐंशी रुपये.

"मोदकांना लागतात," तो म्हणाला. "मालन म्हनली, घरात येक पन नाय."

साडेचार माडांची मजुरी होती ती. त्यानेच उतरवलेल्या चार नारळांसाठी. नीरजा दारात उभी होती. तिने नुसतं माझ्याकडे बघितलं, आणि धरणी पोटात घेईल तर बरं असं मला झालं.

मी पायऱ्या उतरलो. "केरू, हे पैसे परत घे. आजपासून पुन्हा माडामागे दोन नारळ. मागचे राहिलेलेही देतो."

तो दचकून मागे सरला. "नको वो भाऊ." मग आवाज खाली आणून, घरच्या माणसाला समजवावं तसं म्हणाला, "नारळ किती महाग झालाय, तुमाला ठाव नाय काय? तुमचा केवढा नुसकान व्हईल."

मला ठाऊक होतं. भाव वाढला त्या पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. तेवढं एक वाक्य बोलायचं होतं, आणि ते माझ्या तोंडून निघेना.

"अरे हो," मी म्हणालो, "माझ्या लक्षातच आलं नाही बघ."

"व्हतं असं," केरू म्हणाला, आणि त्याने मलाच धीर दिला.