लेण्यातला लाल हत्ती

“लाईट बंद करा!” मी ओरडलो. पण जनरेटरच्या धडधडीत उस्मानभाईंना ते ऐकू गेलं नाही.

ही सत्तरच्या आसपासची गोष्ट. वेल्ह्याजवळच्या विंझर गावाच्या वरच्या डोंगरात कोरलेल्या एका छोट्या लेण्यात आम्ही डॉक्युमेंटरीचं शूटिंग करत होतो; कॅमेरा माझ्याकडे होता. मागच्या भिंतीवर हातभर जुना गिलावा उरला होता आणि त्यावर लाल रंगातला एक हत्ती. तो शोधला होता पुण्याच्या मंदाताईंनी. त्या पुरातत्त्वाच्या अभ्यासक, आणि त्या वेळी लेण्यात माझ्याबरोबर होत्या. भोरचे उस्मानभाई लग्नाच्या मांडवांना लाईट पुरवायचे. ते जनरेटर घेऊन खालच्या सपाटीवर होते. लेण्याच्या तोंडावर आग्या मोहोळ होतं. ते आम्ही पाहिलं होतं. जनरेटरच्या आवाजानं ते उठेल, असं मात्र कुणाला वाटलं नाही.

माशा सरळ दिव्याकडे आल्या. खालून उस्मानभाईंना घोंगावणारा काळा ढग दिसला तेव्हा कुठे त्यांनी जनरेटर बंद केला. तोवर मंदाताईंना मानेवर, ओठावर कितीतरी डंख झाले होते. कॅमेऱ्यावरचं काळं कापड ओढून आम्ही दोघं कोपऱ्यात बसलो.

“सायेब, वल्लं गवत पेटवू का? धुरानं माशा जात्याल!” खालून हाक आली.

“नको,” मंदाताई म्हणाल्या. “धुरानं गिलावा काळा पडेल. अंधार पडला की माशा बसतील.”

बाहेर लख्ख दुपार होती.

त्यांचा श्वास शिट्टीसारखा वाजायला लागला. त्या शुद्धीवर आहेत ना, हे कळावं म्हणून मी काहीबाही विचारत राहिलो. हत्ती कधीचा? रंग कशाचा? “गेरू,” त्या म्हणाल्या. पुढच्या प्रश्नाला उत्तर आलं नाही. ओठ निळसर दिसत होते.

“उस्मानभाई, पेटवा!”

मंदाताईंनी माझी बाही घट्ट धरली. मला थांबवायला की आधाराला, ते मला आजही सांगता येत नाही.

धुराचा लोट आत आला. अंगावर ताडपत्री गुंडाळून उस्मानभाई वर चढून आले. आम्ही ताईंना अक्षरशः ओढत खाली आणलं आणि टेम्पोतून वेल्ह्याच्या दवाखान्यात नेलं. इंजेक्शन दिल्यावर डॉक्टर बराच वेळ नाडी धरून बसले. मग म्हणाले, “आणखी उशीर केला असता तर माझ्या हातात काही नव्हतं.”

बरं वाटल्यावर ताई हट्टानं पुन्हा डोंगर चढल्या. भिंत काळी पडली होती. कापसानं पुसायला गेल्या तर काजळीबरोबर रंगही निघाला. त्यांनी हात मागे घेतला.

“तुमचा शॉट केवढा आहे?”

“बारा सेकंदांचा.”

“म्हणजे काहीतरी आहे,” त्या म्हणाल्या आणि उतरायला लागल्या.

रंगीत फिल्म तेव्हा सहज मिळत नसे. त्यामुळे पडद्यावर तो हत्ती करडाच दिसतो. लोक रंग विचारतात, मी लाल सांगतो.

तेव्हापासून माझा एकच नियम. आत दिवा लावण्याआधी बाहेर पडायची दुसरी वाट पाहून ठेवायची. ती नसेल तर दिवा लावायचा नाही.