सूर्य विझवणारा राजा

माझी नात सई जपानी कार्टून बघते, आणि मीही तिच्या शेजारी बसते. त्यातला राजा अंतराळयानातून फिरतो. जगानं आपल्याला दुष्ट म्हणावं, एवढाच त्याचा ध्यास. काल त्यानं लोकांना छळायला एका ग्रहाचा सूर्यच विझवला. तर तिथली माणसं आधीच उन्हानं कावलेली! त्यांनी त्याचा पुतळा उभारला. तो कपाळावर हात मारून बसला आणि सई हसून हसून लोळली.

मला मेलं हसूच येईना. मुला-सुनेनं माझं शिलाई मशीन न विचारता भंगारात दिलं, तेव्हा मीही ठरवलं, आता वाईट व्हायचं. दोघांशी बोलायचंच नाही. कोथिंबीर घेतानाही भाजीवालीशी पाव तास गप्पा मारणारी मी, दातांवर दात ठेवून गप्प राहिले. आणि परवा मुलगा फोनवर माझ्या लेकीला सांगत होता, "अगं, आई हल्ली किती शांत झालीय! घरात कसं छान वाटतं."

आपला रागसुद्धा दुसऱ्यांच्या सोयीचा निघावा, यासारखं दुखणं नाही हो.

"आजी, हस ना गं!" सई म्हणाली.

"पुढचा भाग लाव," मी म्हटलं. "त्याला एकदा तरी कुणी घाबरतं का, तेवढं बघू दे."