मादामचं रिकामं दार

भुताखेतांवर माझा काडीचाही विश्वास नव्हता, आजही नाही. हे लिहितेय ते निव्वळ संतापाने. आणि 'सॉफ्टवेअरचा घोळ असेल, रिस्टार्ट केलं होतं का' असं विचारणाऱ्यांना आधीच सांगते — केलं होतं. कॉम्प्युटरसुद्धा बदलला होता.

दुबई सिलिकॉन ओएसिसमधल्या एका छोट्या स्टुडिओत मी असिस्टंट एडिटर आहे. रोज शारजाहून ट्रॅफिकमध्ये डोकं पिकवून घेत येते. माझ्या शेजारी मादाम सोलांज बसायच्या. त्यांची उभी हयात पॅरिसमध्ये सिनेमे एडिट करण्यात गेली... फिल्म कापून चिकटपट्टीने जोडायच्या काळापासून. लेक इथे असते म्हणून म्हातारपणी दुबईत आल्या आणि आमच्याकडे आलेला एक फ्रेंच सिनेमा एडिट करायला घेतला.

त्यात एक म्हातारा कायमचं घर सोडतो. तो दाराबाहेर पडला की मी लगेच कट मारायचे. मादाम माझा हात धरायच्या. "थांब, हबीबी. तो अजून गेलेला नाही." मग रिकामं दार थोडा वेळ तसंच दिसत राहायचं.

सिनेमा पूर्ण होत आला आणि मादाम झोपेतच गेल्या. लगेच आमच्या स्टुडिओच्या मालकांनी, समीर सरांनी, एडिटर म्हणून स्वतःचं नाव टाकायला सांगितलं.

"सर, सगळं काम मादामचं आहे," मी म्हटलं.

"अरे यार, वो तो फ्रीलान्स थी. अब कौन पूछेगा? और वो खाली दरवाजा भी उडा दो, बोअर होता है. यल्ला, जल्दी करो."

मी भांडले. उपयोग झाला नाही. शेवटी सांगितल्याप्रमाणे दार उडवलं, फाइल बनवली, लावून पाहिली — दार होतं. पुन्हा कापलं, पुन्हा आलं. आणि आधीपेक्षा जास्त वेळ. मूळ शूटिंग काढून पाहिलं, तर त्यात कॅमेरा इतका वेळ चाललेलाच नव्हता.

सर माझ्यावरच खेकसले. मग भरदिवसा सगळ्यांसमोर स्वतः कापायला बसले. फाइल लावली. म्हातारा गेला, दार राहिलं. सर माउस ढकलून उठले. शेवटी म्हणाले, "खलास. रहने दो."

नाव मात्र त्यांचंच गेलं.

पहिल्या शोला लोकांनी त्या दाराचंच कौतुक केलं. सर स्टेजवरून सांगत होते, "आदमी जाता है, पर तुरंत नहीं जाता. मेरा यही स्टाइल है." लाज कशी वाटली नाही या माणसाला? मी खाली बसून दात-ओठ खात होते.

जे शूटच झालं नव्हतं ते दार आलं कुठून, मला आजही कळलेलं नाही. मादामनीच आणलं असेल, तर माझा त्यांच्यावरही राग आहे. शेवटच्या पाट्यांमध्ये मी डोळे फाडून त्यांचं नाव शोधत होते. मादाम, इतका हट्ट धरलात, तो दारासाठी... नावासाठी का नाही धरलात?