आख्ख्या व्हायरसचं किट

प्लेट पिवळी झाली आणि मेघा गप्प झाली. मेघा गप्प होणं म्हणजे आमच्या लॅबमध्ये लाइट जाण्यासारखं आहे, सगळ्यांना लगेच कळतं.

नानाखेड्याच्या बस स्टँडजवळ माझी पॅथॉलॉजी लॅब आहे. मी पॅथॉलॉजिस्ट, म्हणजे पेशंटला क्वचित आणि त्याच्या रक्ताला रोज भेटणारी डॉक्टर. मेघा माझी टेक्निशियन. हात हलका, तोंड चालू. पुढच्या आठवड्यात तिचा साखरपुडा होता, मुलगा देवासच्या एका बँकेत. सगळ्या लॅबला साडीचा रंग पाठ झाला होता.

इंदूरचे दुबेजी नावाचे सेल्समन एक नवं किट डेमोसाठी ठेवून गेले होते. रक्तात हर्पिस टाइप टूच्या अँटीबॉडी आहेत का, हे सांगणारं. "मैडम, शादी वाले पैकेज में डाल दीजिए, आजकल खूब डिमांड है," असं त्यांचं म्हणणं. खरंच आहे. हल्ली पत्रिका जुळली की लोक रक्तही जुळवायला येतात.

नवं किट आलं की त्याच्यासोबतचे कंट्रोल, म्हणजे उत्तर आधीच माहीत असलेले नमुने, लावायचेच. पण आमच्याकडे आणखी एक रीत होती. स्टाफपैकी एक-दोघांनी बाही वर करायची आणि 'नॉर्मल माणूस' म्हणून आपलंच रक्त लावायचं. पाहुण्यांच्या आधी आपण आमटी चाखून बघतो, तसं. त्या दिवशी राठौरजींनी, म्हणजे माझ्या जुन्या टेक्निशियननी, आपलं लावलं आणि मेघाने आपलं. राठौरजींचं कोरं आलं. मेघाची वेल, म्हणजे प्लेटमधला तिचा खळगा, हळदीसारखा पिवळा झाला. पॉझिटिव्ह. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

ती माझ्या केबिनमध्ये आली, दार लावलं.

"मॅडम, मी साखरपुडा कॅन्सल करते."

"आधी बस."

"बसून काय करू? टाइप टू आलंय. टाइप टू म्हणजे काय ते मला ठाऊक नाहीये का?"

तिला ठाऊक होतं, वाचकांना सांगते. हर्पिस सिम्प्लेक्सचे दोन भाऊ आहेत. टाइप वन बहुतेकदा ओठावर फोड आणतो आणि तो लहानपणीच मिळतो, एखाद्या मावशीच्या मुक्यातून. टाइप टू बहुतेकदा शरीरसंबंधातून येतो. मेघाला वाटत होतं की तिने जे कधी केलंच नाही त्याचा पुरावा त्या प्लेटमध्ये पडलाय.

"मी काहीच केलं नाही हो, मॅडम. पण कोण मानेल? निखिलला काय सांगू? आणि राठौरजींनी पण बघितलंय." एवढं बोलून ती रडायला लागली.

मला किटचा फार राग आला. खरं तर दुबेजींचाही.

"हे बघ," मी म्हटलं, "टाइप टू असला तरी तो व्हायरस आहे, कॅरेक्टर सर्टिफिकेट नाही. तो असलेल्यांची लग्नं होतात, संसार होतात, औषधं आहेत. पण तुला तो आहे हेच मला अजून पटलेलं नाही. ताप आला की ओठावर फोड येतात तुझ्या?"

"येतात ना. परीक्षेच्या वेळेस तर पक्कं. शेजारच्या काकी म्हणायच्या, मकड़ी मूत गई. कोळी अंगावर मुतला की फोड येतात म्हणे."

"मलाही येतात. चल, माझं रक्त घे."

तिने डोळे पुसले आणि माझं रक्त घेतलं. दुपारी प्लेट लावली. माझी वेल मेघाच्या वेलपेक्षाही पिवळी.

माझी साठी उलटली आहे. माझ्यापर्यंत टाइप टू आणायचा तर आमच्या ह्यांना आधी सोफ्यावरून उठावं लागेल, आणि रिटायर झाल्यापासून ते चहालाही उठत नाहीत. मेघा पहिल्यांदा किंचित हसली. मी दुबेजींना फोन लावला.

"दुबेजी, इस किट में एंटीजन कौन सा है?" अँटीजन म्हणजे प्लेटच्या तळाला चिकटवलेला व्हायरसचा माल. रक्तातली अँटीबॉडी त्याला ओळखून धरते, मग पिवळा रंग येतो.

"पूरा वायरस है, मैडम! पूरा का पूरा! कंपनी ने कुछ छोड़ा नहीं," दुबेजी अभिमानाने म्हणाले.

तिथेच तर घोडं पेंड खात होतं.

या व्हायरसच्या अंगावर ग्लायकोप्रोटीन असतात. म्हणजे साखरेच्या साखळ्या लागलेली प्रोटीन्स. त्यांना ए, बी, सी, डी अशी नावं आहेत आणि प्रत्येकाला काम आहे. डी पेशीचं कुलूप उघडतं, बी आत शिरायला मदत करतं. सी आणि ई आपल्या प्रतिकारशक्तीला चुकवतात. ई तर अँटीबॉडीलाच मागून धरून ठेवतं. शरीर यांच्याविरुद्ध अँटीबॉडी बनवतं, त्यातल्या बऱ्याचशा बी आणि डीच्या विरुद्ध. आता गंमत अशी की बी आणि डी दोन्ही भावांत जवळपास सारखीच असतात.

मी मेघाला घरच्या चादरींचं उदाहरण दिलं. माझ्याकडे भैरवगढ़ छापाच्या दोन चादरी आहेत. बुट्टे तेच, रंग तोच, फक्त किनार वेगळी. घडी घालून ठेवल्या तर कुठली कुठली ते मलाही कळत नाही. या व्हायरसची किनार म्हणजे ग्लायकोप्रोटीन जी. ते दोन भावांत इतकं वेगळं असतं की एकाविरुद्धची अँटीबॉडी दुसऱ्याला सहसा ओळखत नाही. कोणता टाइप आहे हे विचारायचं असेल तर प्लेटवर फक्त जी लावायचं. आख्खा व्हायरस लावला तर ओठावरच्या फोडाची अँटीबॉडीही बुट्टे ओळखून चिकटणार आणि किट म्हणणार, टाइप टू.

"म्हणजे माझं वन असेल?" मेघा म्हणाली.

"असेल. पण अंदाजावर साखरपुडा मोडत नाहीत आणि अंदाजावर पेढेही वाटत नाहीत. दिल्लीच्या लॅबमध्ये फक्त 'जी' लावलेली टेस्ट होते. तुझं आणि माझं दोन्ही पाठवू. तोवर निखिलला काही सांगायचं की नाही ते तू ठरव."

तिने त्याच संध्याकाळी सांगितलं. मी मोडता घातला नाही. दुसऱ्या दिवशी आली ती डोळे सुजलेली, पण बोलत.

"काय म्हणाला?"

"आधी त्याने टेस्टचं नाव दोनदा विचारलं. मग म्हणाला, रिपोर्ट कुछ भी आए, हॉल बुक है."

बँकेतल्या मुलाकडून याहून मोठं प्रेमपत्र अपेक्षित नसतं. मला तो तेव्हापासून आवडतो.

रिपोर्ट साखरपुड्याच्या आदल्या दिवशी आला. दोघींचा सारखा. टाइप वन पॉझिटिव्ह, टाइप टू निगेटिव्ह, आणि आकडे काठावरचे नाहीत, स्पष्ट. मेघाने तो दोनदा वाचला, मग राठौरजींच्या टेबलावर नेऊन ठेवला. राठौरजींनी चष्मा लावून वाचला आणि म्हणाले, "बेटा, मैंने तो कुछ देखा ही नहीं था." आणि सगळ्यांसाठी जलेबी मागवली. मलाही हायसं वाटलं, अगदी खोटं कशाला बोलू, डोळ्यांत पाणी आलं.

साखरपुडा झाला. त्यानंतर दुबेजी ऑर्डर घ्यायला आले.

मी त्यांना सगळं समजावलं. ते मान डोलवत राहिले आणि शेवटी म्हणाले, "मैडम, आप कुछ भी कहो, मशीन झूठ नहीं बोलती. पॉजिटिव यानी पॉजिटिव."

मेघा ट्रे घेऊन पुढे आली. बोटात नवी अंगठी.

"तो फिर आप भी दे दीजिए, दुबेजी. डेमो के लिए."

सगळा स्टाफ बघत होता. नाही कसं म्हणणार? त्यांनी बाही वर केली. चहा झाला, पोहे झाले, प्लेट झाली. पिवळी धम्मक.

दुबेजी प्लेटकडे बघत राहिले. मग खुर्ची माझ्याजवळ ओढून हळूच म्हणाले, "मैडम, घर पे बाल-बच्चे हैं मेरे। ये... ये किट में ही कुछ गड़बड़ है।"

"होंठ पे छाले आते हैं आपको?" मेघाने विचारलं.

"बचपन से," दुबेजी म्हणाले आणि त्यांना पहिल्यांदा कळलं की ते काय विकत होते.

ते किट त्यांनी स्वतःच उचलून बॅगेत घातलं. आमच्याकडे आता स्टाफचं रक्त नावानिशी लावत नाहीत. आणि तक्रार नसताना ही टेस्ट पॅकेजमध्येही घालत नाही, कोणी कितीही डिमांड सांगितली तरी. नवं किट आलं की मात्र एक नियम पाळतो. आधी विकणाऱ्याचा हात मागतो. नाही म्हणाला तर आम्हीही किटला नाही म्हणतो.