गोलकीपरच्या बोटाचा कोन

"सरळ ठेवा," स्टेन म्हणाला. "बोट अगदी सरळ."

"सरळ बोटाचा तुम्हालाच त्रास होईल," निखिल त्याला पुन्हा एकदा समजावत होता. "शेकहँड करताना अडेल, खिशात हात घालताना अडेल. थोडं वाकलेलं बरं."

"खिशात हात घालणं हे माझं काम नाही. बॉल पकडणं हे माझं काम आहे."

मग दोघांनीही माझ्याकडे बघितलं. मी नॉटिंगहॅमच्या एका हॉस्पिटलमध्ये हँड थेरपिस्ट आहे. सर्जन हाताचं ऑपरेशन करतो आणि तो हात पुन्हा कामाला लावायचं काम माझ्याकडे येतं. निखिल आमचा सर्जन, मूळचा ठाण्याचा, वयाने माझ्याहून बराच लहान. पेशंटसमोर मी त्याला मिस्टर म्हणते, कारण या देशात सर्जनला डॉक्टर म्हटलेलं खपत नाही. आजूबाजूला कोणी नसलं की तो मला ताई म्हणतो.

स्टेन हे त्या पेशंटचं खरं नाव नाही. पन्नाशी ओलांडलेला स्वीडिश माणूस, इतका उंच की आमच्या क्लिनिकच्या दारातून येताना सवयीने मान खाली घालायचा. सगळी हयात गोलकीपर म्हणून गेली आणि आता तो आमच्याकडच्या एका क्लबात महिला टीमच्या कीपरना शिकवत होता.

हात तपासताना मी प्रत्येक सांधा किती वाकतो ते मोजते. स्टेनच्या बाबतीत ते मोजमाप म्हणजे त्याचं आत्मचरित्रच होतं.

"करंगळी?"

"शाळेत होतो. उत्तर स्वीडन. मैदान गोठलेलं."

"मधलं बोट?"

"पहिला मोठा क्लब. गोलपोस्टवर आपटलं."

"अंगठा?"

"इंग्लंड. आमच्याच डिफेंडरचा बूट."

इंग्लंडमध्ये तो बरीच वर्षं दुसरा कीपर होता. म्हणजे पहिला कीपर खेळतो आणि दुसरा ट्रॅकसूट घालून कडेच्या बाकावर बसतो. "इथे मी मॅचपेक्षा पाऊस जास्त बघितला," तो म्हणाला. उजव्या हाताची अनामिका मात्र खऱ्याखुऱ्या मॅचमध्येच निखळली होती. तिथल्या फिजिओने ती ओढून जागेवर बसवली, शेजारच्या बोटाला टेपने बांधली आणि हा पठ्ठ्या शेवटपर्यंत खेळला.

त्याच बोटाचा मधला सांधा आता संपला होता. हाडावर हाड घासत होतं. दुखण्याने त्याची झोप उडाली होती, तरी हात दाखवून अवलक्षण नको म्हणून त्याने आमच्याकडे यायचं शक्य तितकं लांबवलं होतं. कृत्रिम सांधा त्याच्या कामात टिकला नसता. उरला एकच उपाय, फ्यूजन. दाराची बिजागरी काढायची आणि दार एका कोनात कायमचं ठोकून टाकायचं, तसं. दुखणं जातं, पण बोट त्या सांध्यात पुन्हा कधीच वाकत नाही की सरळ होत नाही. म्हणून कोन आधी ठरवावा लागतो, आणि नंतर मत बदललं तरी काही उपयोग नसतो.

स्टेन बाहेर गेल्यावर निखिलने खुर्चीत अंग टाकलं. "ताई, तुम्ही कन्व्हिन्स करा ना त्याला. मी सरळ फ्यूज केलं तर सहा महिन्यांत ही विल हेट मी."

"आणि वाकवून केलंस तर आत्ताच हेट करेल."

"मग करायचं काय?"

"आधी त्याला दोन्ही घालून बघू दे."

आमच्याकडे प्लास्टिकचे पातळ पत्रे असतात. गरम पाण्यात टाकले की मऊ पडतात, बोटाभोवती दाबले की गार होता होता त्याच आकारात कडक होतात. याला स्प्लिंट म्हणतात. मी स्टेनला दोन स्प्लिंट करून दिले, एक सरळ आणि एक वाकलेला. "दोन्ही कामावर वापरा आणि मग बोलू," असं बजावून सांगितलं.

पुढच्या वेळी तो आला तेव्हा त्याच्या कपाळावर ओरखडा होता.

"हे काय?"

"तोंड धुताना बोट लागलं. पण सरळ स्प्लिंट उत्तम आहे."

"आणि वाकलेला?"

त्याने खिशातून तो काढला. कोरा करकरीत, एक डाग नाही. "घरी घातला. कामावर नाही. त्याने बॉल सुटेल."

मला रागच आला. मोठी माणसं शाळकरी पोरांसारखी वागली की मला राहवत नाही. "मी येऊन बघते तुमचं काम," मी म्हणाले.

आमची मॅनेजर कॅरल हे ऐकून चष्म्यावरून बघायला लागली. "तुला तर फुटबॉल आवडत नाही."

"फुटबॉल बघायला नाही जात. हात बघायला जातेय."

"अर्धा दिवस. आणि क्लबचे फुकटचे स्कार्फ घेऊन येऊ नकोस."

ट्रेनिंग ग्राउंडवर बारीक पाऊस आडवा येत होता. मी क्लिनिकमधलेच सपाट बूट घालून गेले होते, ते पहिल्या पाच पावलांत भिजले. मैदानाच्या टोकाला स्टेन आणि मेगन. मेगन म्हणजे टीमची पहिली कीपर, पंचविशीतली, आवाज मात्र भाजी मंडईतला. स्टेन बॉल मारत होता, ती झेपावत होती. अडवलेला बॉल ती त्याच्याकडे फेकायची. बहुतेक वेळा तो पायानेच थांबवायचा, अधूनमधून हातात घ्यायचा. त्या सरळ बोटाने चांगला घ्यायचा, हे मला कबूल करावं लागलं.

पण सराव कठीण होता आणि बरेच बॉल जाळ्यात जात होते. गोल झाला की मेगन क्षणभर चिखलात पडून राहायची. स्टेन जवळ जायचा, उजवा हात पुढे करायचा, तिला ओढून उभं करायचा आणि तेवढ्यात तिच्या कानात काहीतरी सांगायचा. मग पुढचा बॉल. मी बघत राहिले. मेगन त्याचा पंजा धरत नव्हती, मनगट धरत होती.

पाणी प्यायला ती कडेला आली तेव्हा मी तिला विचारलं.

"आधी पंजाच धरायचे," ती हळू आवाजात म्हणाली. "पण त्यांचा चेहरा व्हायचा ना, तो बघवायचा नाही. ते कधी बोलले नाहीत, मग मीपण नाही बोलले. प्लीज, त्यांना सांगू नका."

मी सांगितलं नाही. सांगायची गरजच पडली नाही. हे क्लब प्रत्येक सराव कॅमेऱ्यात टिपतात आणि नंतर कोच तो स्क्रीनवर बघत बसतो. स्टेन मला कौतुकाने व्हिडिओ रूममध्ये घेऊन गेला. त्याला मला त्याचे झेल दाखवायचे होते.

"बघा, इथे मेगनचा डावा पाय उशिरा उचलला गेला..."

"मेगनकडे नको," मी म्हणाले. "आता फक्त तुमच्याकडे बघा."

तो बघू लागला. स्क्रीनवर गोल झाला. तो चालत गेला, हात दिला. परत गोल. परत हात. एकदा त्याला ओढताना कळ आली, तेव्हा त्याने तोंड फिरवलेलंही त्यात दिसलं. मेगनची मनगटावरची पकड दिसली. त्याने व्हिडिओ तिथेच थांबवला.

"मी तिला इतक्या वेळा उठवतो?"

"तुम्हाला माहीत नव्हतं?"

"मी नेहमी तिचे पाय बघतो." त्याने थांबलेल्या स्क्रीनकडे बोट केलं. "गोल झाला की बाकीचे दहा जण पाठ फिरवून निघून जातात. कीपर एकटाच जमिनीवर असतो. बाकावर बसून मी हे वर्षानुवर्षं बघितलंय. तेव्हाच ठरवलं होतं, की..." वाक्य त्याने सोडून दिलं.

"ओढायला वाकलेलं बोट लागतं," मी म्हणाले. "सरळ बोटाला पकड येत नाही."

"आणि वाकलेलं केलं की माझा बॉल संपला."

"हो."

खोटं कशाला सांगू? खेळणं त्याने केव्हाच सोडलं होतं, पण रोज सकाळी हातात येणारे ते चार बॉल अजून त्याचे होते. तेवढ्यापुरता तो अजून गोलकीपर होता. आम्ही जे ठोकून बंद करणार होतो ते हेच दार होतं, आणि हे माझ्या लक्षात तिथे, त्या खोलीत आलं. मला फार वाईट वाटलं. माझ्या बुटांतून पाणी गळत होतं.

पुढच्या अपॉइंटमेंटला तो वाकलेला स्प्लिंट घालून आला. चांगला चिखलाने माखलेला. त्याने निखिलला माझ्या बुटक्या स्टुलावर बसायला लावलं आणि हात पुढे केला. निखिलने हात धरला मात्र, आमचे सर्जनसाहेब गळ्यातल्या ओळखपत्रासकट उभे!

"थोडं कमी वाकवा," स्टेन मला म्हणाला.

मी स्प्लिंट परत गरम पाण्यात टाकला, नवा कोन दिला. निखिल पुन्हा स्टुलावर, पुन्हा उभा. असं करता करता एकदा स्टेन म्हणाला, "हाच."

"ताई," नंतर निखिल खांदा चोळत म्हणाला, "पुढच्या वेळी स्टुलावर तुम्ही."

ऑपरेशन नीट झालं. हाड जुळलं. शेवटच्या तपासणीला स्टेन आला तेव्हा त्याची पकड मोजून माझं समाधान झालं. रात्री झोप लागते म्हणाला. मेगन आता पंजा धरते, तेही म्हणाला, आणि माझ्याकडे जरा जास्तच वेळ बघत राहिला.

"आणि बॉल?" मी विचारलं.

"ऑपरेशनच्या आदल्या दिवशी मेगनने मला गोलमध्ये उभं केलं. म्हणाली, शेवटचा बॉल, पकडा. सगळी टीम बघायला आली. मी झेपावलो."

"मग?"

"सुटला. गोल."

मी हसू की नको, या विचारात पडले. तोच आधी हसला.

"पण मेगन आली आणि तिने मला उठवलं," तो म्हणाला.

आता नवीन थेरपिस्ट आली की मी तिला सांगते. हात कशासाठी हवाय, हे पेशंटला विचार. मग तो हात जे धरतात त्यांनाही विचार. आणि मैदानावर जाणार असशील तर बूट बदलून जा.