शेजारणीने पाठवलेली वांगी

नको असलेली गोष्ट डोळ्यांसमोर आली की ती काढून टाकेपर्यंत मला चैन पडत नाही. हा माझ्या कामाचा दोष आहे. मी पाठ्यपुस्तकांची प्रुफं तपासते. डोंबिवलीतल्या आमच्या घरी, खिडकीजवळच्या टेबलावर, लाल पेनाने. दोनदा आलेला शब्द, चुकून राहिलेली ओळ, विनाकारण पडलेलं उद्गारचिन्ह, सगळं उडवायचं. आई म्हणते, तू घरात वावरतेस तीसुद्धा लाल पेन घेऊनच. ती माझ्याबरोबरच राहते, त्यामुळे तिला अनुभव आहे.

अशा माझ्या फोनवर रोज सकाळी कुणीतरी वांगी पाठवत होतं.

सोशल मीडियावर मी तशी नावापुरतीच. पण तिथे शेतीचा एक खेळ होता. मी तो कधी खेळले नव्हते, माझ्या ओळखीतले लोक मात्र खेळायचे आणि त्यांच्या नावाने मला निरोप यायचे. अमक्यांनी तुम्हाला बियाणं पाठवलं आहे. तमक्यांच्या गाईला तुमची मदत हवी आहे. तुमच्या शेजारणीने वांगी पाठवली आहेत, घ्यायला या. टुंग करून फोन वाजायचा आणि सहावीच्या भूगोलातून मी उठून वांग्यांकडे जायचे. परत येईपर्यंत कुठल्या ओळीवर होते ते विसरलेलं असायचं.

चिडचिड व्हायची, पण खरं सांगायचं तर कुतूहलही होतं. एवढी फुरसत आहे तरी कुणाला? एका दुपारी मी ती सगळी यादीच उघडून बसले. मला वाटलं होतं कॉलेजातली रिकामटेकडी पोरं निघतील. निघाल्या सगळ्या साठीपुढच्या बायका. त्यांत माझ्या शाळेतल्या निवृत्त बाई होत्या, ज्यांनी मला वर्गात सागरगोटे खेळताना पकडून दारात उभं केलं होतं. त्यांच्याकडे आता एकवीस कोंबड्या होत्या. मला मनापासून हसू आलं. पण यादीत सगळ्यांत जास्त वेळा आलेलं नाव वेगळंच होतं. रोज, न चुकता, सकाळी सहा वाजून दहा मिनिटांच्या आसपास. त्या होत्या कोपरीच्या काकू.

ठाण्याला पूर्वेकडे, कोपरीत, आम्ही चाळीत राहायचो तेव्हा काकू आमच्या भिंतीला भिंत लावून राहायच्या. आईची आणि त्यांची मैत्री माझ्या जन्माआधीची. दोघी एकमेकींना नावाने हाक मारत नसत. ‘अगं ए’ एवढ्यावर त्यांचं सगळं भागायचं. काकूंच्या हातच्या भरल्या वांग्यांची वाटी गॅलरीतून आमच्याकडे यायची आणि ती वाटी कधी रिकामी परत जायची नाही. घरात काही केलेलं नसलं तर आई तिच्यात एक लिंबू ठेवायची. लिंबूही नसलं तर चिमूटभर साखर. मीच ती वाटी घेऊन जायचे, आणि वाटेत साखर चाटून टाकली म्हणून एकदा पाठीत धपाटाही खाल्लेला आहे. तेव्हा आई साखरेसाठी नव्हती चिडली. वाटी रिकामी गेली म्हणून चिडली होती.

चाळ पडली, इमारत व्हायची ती झाली, माणसं पांगली. आम्ही डोंबिवलीला आलो, काकू मुला-सुनेबरोबर टिटवाळ्याला गेल्या. सुरुवातीला दोघी फोनवर तासन्‌तास बोलायच्या. मग काकूंना ऐकू येईनासं झालं. कानाचं मशीन आणलं, पण ते त्या ड्रॉवरमध्ये ठेवतात. कानात सगळा बाजार भरतो म्हणे. त्या चौथीपर्यंत शिकलेल्या. हळूहळू वाचतात, लिहायला मात्र लाजतात. म्हणजे फोनवर बोलणं संपलं आणि मेसेज करायचा प्रश्नच नव्हता. हे सगळं मला माहीत होतं. माहीत असून मी त्याचा विचार केला नाही.

त्या दुपारी मी फक्त सेटिंग्ज उघडली. आणि त्यात मला असा काही रस आला की काय सांगू. एका दारामागे दुसरं दार, त्यामागे तिसरं. आवाज बंद करायची जागा वेगळी, आमंत्रणं अडवायची वेगळी, खेळांच्या जाहिराती कमी दाखवा म्हणून सांगायची आणखी वेगळी. अमुक माणसाकडून आलेली खेळाची आमंत्रणं दाखवू नका, असंही त्यात सांगता येत होतं. मी एकेक करून सगळी दारं लावून घेतली. दुसऱ्या दिवशी सकाळी फोन गप्प होता. कोऱ्या समासासारखी शांतता. मी आठ पानं सलग तपासली.

इथवर सगळं ठीक होतं. पण चांगलं काम केलं की मला ते दुसऱ्याच्या घरातही करावंसं वाटतं, आणि दुसऱ्याचं घर म्हणून जवळ आईचा फोन होता. आई रोज सकाळी चहा घेताना म्हणायची, “बाई बाई, सारखं टुंग टुंग. या बाईला दुसरा उद्योग नाही.” म्हणायची आणि चष्मा शोधायची. मला वाटलं, आईलाही त्रास होतोय. ती खाली भाजी आणायला गेलेली असताना मी तिचा फोन उचलला आणि पाच मिनिटांत तिचीही सगळी दारं लावून टाकली. वर तिला सांगितलंसुद्धा नाही. म्हटलं, उद्या शांतता बघून खूश होईल.

आमच्या घरात, आणि माझ्या पाहण्यातल्या बहुतेक घरांत, बायका ज्या गोष्टीबद्दल सगळ्यांत जास्त कुरकुर करतात ती त्यांना सगळ्यांत जास्त हवी असते. पंचेचाळीस वर्षांची घोडी झाले तरी मला हे कळलेलं नव्हतं.

दोन-तीन दिवस काहीच झालं नाही. मग माझ्या लक्षात आलं की आई चहा घेताना फोन समोर ठेवते, चष्मा लावते, बघते, आणि चष्मा काढून ठेवते. आठवड्याभराने ती चष्मा लावेनाशी झाली. तिचं बोलणंही कमी झालं. मी विचारलं, बरं वाटत नाही का? म्हणाली, मला काय धाड भरलीये. आमच्याकडे याचा अर्थ काहीतरी झालंय असा होतो, पण दुसऱ्यांदा विचारायची पद्धत नाही.

महिना होत आला तेव्हा एका सकाळी पालेभाजी निवडता निवडता ती आपणहून म्हणाली, “ती रागावलीये माझ्यावर.”

“कोण?”

“कोपरीवाली. मागच्या महिन्यात दोन दिवस मला सर्दी होती ना, तेव्हा तिच्याकडून आलं आणि मी परत काही पाठवलंच नाही. राहूनच गेलं. त्याचं तिने मनाला लावून घेतलं. तेव्हापासून एक वांगं नाही.”

मी लावलेली दारं मला आठवली. तरी मी विचारलं, “मग तू उघडून पाठव ना काहीतरी.”

“असं कसं?” आई म्हणाली. “तिने बोलावल्यावर मी जाते. आपण होऊन मी कधी त्या खेळात गेले नाही. कुणाच्या दारात असं आगंतुकासारखं जायचं?”

तेव्हा मला तो खेळ पहिल्यांदा समजला. आईच्या लेखी तो खेळ नव्हताच. काकूंचा निरोप आला की ती त्या निरोपावर बोट ठेवायची, शेत उघडायचं, ती वांगी घ्यायची, आणि बदल्यात त्या खेळात असलेली सगळ्यांत लहान वस्तू, एक लिंबू, परत पाठवायची. मग फोन बंद. शेतात पुढे काय उगवतं याच्याशी तिला कर्तव्य नव्हतं. वाटी आली, वाटी गेली. आणि मी ती मधल्यामध्ये अडवून ठेवली होती. तिकडे काकू काय समजल्या असतील ते सांगायला कुणी नको होतं. त्यांच्या वाट्या जात होत्या आणि एकही परत येत नव्हती.

लगेच कबूल करायला हवं होतं. मी ते केलं नाही. चूक गुपचूप दुरुस्त करायची हीदेखील माझ्या कामाचीच सवय. आई आंघोळीला गेल्यावर मी तिच्या फोनमधली सगळी दारं पुन्हा उघडली आणि वाट बघत बसले. अडवलेली आमंत्रणं साठून राहत नाहीत, गेली ती गेलीच, हे तेव्हा कळलं. दुसऱ्या दिवशी सहा दहा झाले, सात झाले, काही आलं नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. काकूंनी पाठवणं थांबवलं होतं.

मग मी आईला सांगितलं. ती कणीक मळत होती. तिने सगळं ऐकून घेतलं, गोळा झाकून ठेवला, हात धुतले.

“तुला वाजायला नको होतं, तर आवाज बंद करायचा,” ती म्हणाली. “माणूस कशाला बंद केलंस?”

मला फार लाज वाटली. थोड्या वेळाने ती साडी बदलून बाहेर आली आणि म्हणाली, टिटवाळ्याला गणपतीच्या दर्शनाला जाऊ या, किती दिवसांत गेलो नाही. पिशवीत तिने पाच लिंबं टाकलेली मी पाहिली. टिटवाळा स्टेशनबाहेर रिक्षात बसल्यावर मात्र तिने देवळाचं नाव काढलं नाही, काकूंच्या इमारतीचं सांगितलं. माझ्याकडे न बघता म्हणाली, “गणपती काय, येताना करू.”

काकूंच्या सुनेने दाराच्या बेलला आत एक दिवा जोडून घेतलाय. बेल दाबली की तो लागतो. दिवा पाहून काकूंनी दार उघडलं, आम्हाला पाहिलं, आणि म्हणाल्या, “या, बसा.” घरात त्या एकट्याच होत्या. त्यांनी आम्हाला सोफ्यावर बसवलं. पंखा लावला. आईला म्हणाल्या, “तुमची तब्येत बरी ना?” चाळीस वर्षांत त्यांनी आईला तुम्ही म्हटल्याचं मी ऐकलं नव्हतं. मग चहा आला, तो कपबशीत. सोनेरी काठाच्या, पाहुण्यांसाठीच्या कपबशीत. कोपरीत या दोघींनी कायम स्टीलच्या ग्लासातून, पदराने धरून, उंबऱ्यावर बसून चहा प्यायलेला. आईने कप हातात धरला, पण ओठाला लावला नाही.

मी म्हणाले, “काकू, मी बंद केलेलं सगळं.” त्या हसल्या आणि बिस्किटांची बशी पुढे सरकवली. मी आवाज चढवला. त्यांनी पंखा मोठा केला. समोरच्या फ्लॅटचं दार किलकिलं झालं, इतक्या जोरात मी तिसऱ्यांदा ओरडले; काकूंना तरीही पत्ता नाही. शेवटी मी माझ्या पिशवीतून प्रुफाचा एक पाठकोरा कागद काढला आणि लाल पेनाने मोठ्या अक्षरात लिहिलं: आईने बंद केलं नाही. मी केलं. तिला माहीत नव्हतं. चूक माझी आहे.

आयुष्यभर मी लाल शाईने दुसऱ्यांच्या चुका दाखवत आले. स्वतःची लिहायची ही पहिलीच वेळ.

काकूंनी कागद गुडघ्यावर ठेवला. एकेका शब्दाखाली बोट ठेवत, ओठ हलवत वाचला. संपल्यावर पुन्हा पहिल्यापासून वाचला. मला वाटलं, आता बोलणी बसणार. पण त्यांनी माझ्याकडे पाहिलंच नाही. त्या आईकडे वळल्या.

“अगं ए,” त्या म्हणाल्या, “मग तू एवढ्या दिवसांत एकदा यायचं तरी होतंस.”

आईने मान हलवली, आणि मग स्वतःकडे, नंतर त्यांच्याकडे बोट दाखवलं. तूही. काकूंनी ते पाहिलं आणि आईच्या हातातला कप काढून घेऊन त्या स्वयंपाकघरात गेल्या. आत भांड्यांचा आवाज झाला. मांडणीवरून स्टीलचे ग्लास निघत होते.

आईने फोन माझ्यापुढे धरला. म्हणाली, “उघड जरा ते शेत.” निरोपाशिवाय ती पहिल्यांदाच तिथे जात होती. मी उघडलं. महिनाभर कुणी फिरकलं नव्हतं, सगळं वाळून गेलं असणार अशी माझी खात्री होती. पण आईचं शेत हिरवंगार होतं. वांग्यांना वांगी लागली होती. खाली बारीक अक्षरात कुठल्या शेजाऱ्याने कधी येऊन पाणी घातलं त्याची यादी होती, आणि बारीक अक्षरं वाचणं हे माझं कामच. सगळ्या ओळींत एकच नाव. काल सकाळी सहा दहा. परवा सहा आठ. त्याच्या आदल्या दिवशी सहा दहा. मी खाली खाली जात राहिले. मधला एकही दिवस सुटलेला नव्हता. काकूंनी वांगी पाठवणं थांबवलं होतं, पण पाणी घालणं नाही. आजचीही ओळ होती.

मी ते आईला वाचून दाखवलं. आईने चष्मा लावला, लिंबावर बोट ठेवलं आणि ते पाठवून दिलं.

आत ओट्यावर काकूंचा फोन टुंग करून वाजला. काकूंना तो ऐकू गेला नाही, त्या चहा गाळत होत्या. आई लिंबांची पिशवी घेऊन उठली आणि सांगायला आत गेली.